नोंदीच्या तारखेप्रमाणे

साखर कारखान्याच्या शेतकी खात्यात रामहरीरावांनी तीस वर्षं ऊसतोडीचा कार्यक्रम लावला. लागणीची नोंद ज्याची आधी, त्याची तोड आधी. संचालकाचा मेहुणा येऊन बसला तरी त्यांचं रजिस्टरावरचं बोट हलायचं नाही. निवृत्तीला आठ महिने उरले तेव्हा भिंगारच्या ‘बांधबंदिस्ती’ त्रैमासिकात जाहिरात आली: इंटर्न पाहिजे, वयाची अट नाही. साठवलेली रजा टाकून रामहरीराव तिथं रुजू झाले. चोरून कविता लिहायचे. निवृत्तीनंतर तिथं एक खुर्ची मिळावी, एवढीच आस.

संपादक राहीबाई निवृत्त मुख्याध्यापिका. म्हणाल्या, “तीन महिने बघते. जमलं तर राहा, नाहीतर घरी नातवंडं आहेतच.”

पहिल्याच आठवड्यात रामहरीरावांनी कपाटात तुंबलेल्या सगळ्या कवितांवर तारखेप्रमाणे आवक क्रमांक टाकले. चारशे बारा भरल्या. शेवटची त्यांचीच होती. राहीबाई खूश झाल्या आणि मोतीबिंदूच्या ऑपरेशनसाठी पुण्याला जाताना सांगून गेल्या, “कवितांची पानं लावून छापून घ्या.”

लावा म्हटल्यावर रामहरीरावांना एकच लावणं ठाऊक. पहिल्या वीस नोंदी घेतल्या, एका नामांकित कवीची कविता ‘नोंद उशिराची’ असा शेरा मारून मागं ठेवली, अंक छापून पोस्टातही टाकला.

राहीबाई काळ्या चष्म्यानिशी परतल्या. चार पानं उलटली आणि अंक खाली ठेवला.

“अहो, ह्या कविता आहेत का ऊस? निवड म्हणून काही असतं की नाही? उद्यापासून येऊ नका.”

रामहरीराव डबा पिशवीत घालत होते, तोच काष्टीहून चांगुणा नावाची एक बाई आली. मागं तिचा नवरा अंगद, मान खाली घालून. तिनं अंक टेबलावर आपटला.

“ह्ये आमचं मालक. पहिल्याच पानावर छापलंय, ज्योती, तुझ्याबिगर जिणं न्हाई! लग्नाला नऊ वर्सं झाली माझ्या. ही ज्योती कोन?”

“आगं, मला आठवतबी न्हाई...”

“गप बसा तुमी!”

रामहरीरावांनी डबा ठेवला आणि रजिस्टर उघडलं.

“ताई, लग्न कधीचं?”

“सतरा सालच्या मे महिन्यातलं.”

“ही बघा नोंद क्रमांक एक. आवक बारा ऑगस्ट, दोन हजार चौदा. पाकिटावर पोस्टाचा शिक्काही आहे.”

चांगुणानं बोट ठेवून तारीख दोनदा वाचली. “लग्नाआदीची व्हय? मंग मिटलं.” मग नवऱ्याकडं वळली. “माझ्यावर लिवली का वो एक तरी?”

अंगद घाम पुसू लागला. रामहरीरावांनी पेनाचं टोपण काढलं. “द्या लिहून. चारशे तेरावा नंबर मिळेल.”

दोघं गेल्यावर राहीबाई चष्मा काढून डोळे टिपत हसल्या. “निवड मी करणार. रजिस्टर तुमचं. उद्या या. आणि ती चारशे बारावी द्या, आजच वाचते.”

“नको, बाई. अंकाला वीस धरल्या तर पाच वर्षांत नंबर येतो,” रामहरीराव खुर्ची ओढून बसत म्हणाले. “तोवर मी आहेच.”