गावाचा ताव, भाऊचा ताओ

भाऊ गेल्याचं सांगायला गावचा कोतवाल चांद्याला आला, तेव्हा मी वर्गात पाढे म्हणवून घेत होते. तो दारातच पायाची धूळ झटकत उभा राहिला. मधेच कुणी आलं की मला चीड येते, म्हणून मी डाफरलेच, "काऊन रे, काय झालं?" "भाऊ गेले जी बाई," तो म्हणाला. "सकाळी चहा पेले, खाटेवर बसले, अन् बसूनच राह्यले." ... बसूनच राह्यले! माझ्या थोरल्या भावाचं सगळं आयुष्य त्या दोन शब्दांत आलं होतं, आणि त्यावरूनच मी त्याच्याशी जन्मभर भांडले.

आता महिना होत आला. आमचं गाव धानोऱ्याच्या पुढे, रानात. तरुणपणी भाऊ एका लाकडाच्या व्यापाऱ्याकडे कारकून होता आणि सागवानाच्या मागे मागे कलकत्त्याला पोचला. तिथे एका म्हाताऱ्या चिनी सुताराच्या दुकानात त्याची बैठक जमली. कलकत्त्याहून माणसं पैसा आणतात, दुखणं आणतात, कुणी बायकोसुद्धा आणतो. आमच्या भाऊनं ताओ आणला. "ताओ म्हणजे वाट," तो सांगायचा. "पाणी जाते ना यमू, उताराकडे, कोणाशी न भांडता... तशी. आपण फक्त तिच्या आड यायचं नाही." "म्हणजे आळसाला चिनी नाव!" मी म्हणायची, आणि तो हसायचा. गावानं तर ताओचा सरळ ताव करून टाकला. "ज्याले कधी ताव आला नाई, तोच दिवसभर ताव ताव करते," म्हणून बाया पदराआड हसायच्या. त्याचं नावच पडलं तावभाऊ. आमच्या घरचा खरा ताव माझ्या वाट्याला आला होता.

माझे यजमान वारले तेव्हा घर नातेवाइकांनी भरून गेलं. जो येई तो सांगे, धीर धर, रडून घे, देवाची मर्जी. मला काही रडू येईना. भाऊ आला, विहिरीवरून पाणी भरलं आणि ओसरीत सुपारी कातरत बसला. तोंडातून एक शब्द नाही. माणसं पांगली तरी तो बसलेलाच. एका दुपारी त्या अडकित्त्याचा आवाज ऐकता ऐकता मला एकदम हुंदका फुटला, तो संध्याकाळपर्यंत आवरेना. भाऊ जागचा हलला नाही, मला गप्पही म्हणाला नाही. त्या रात्री मी जेवले.

पुढे गावानं त्याला सरपंच केलं, बहुधा हा कुणाच्या अध्यात ना मध्यात म्हणून. राज्य बदललं, राजधानी नागपूरहून मुंबईला गेली, पुढाऱ्यांच्या जीपगाड्या धुरळा उडवत यायला लागल्या. ज्याला त्याला काहीतरी करून दाखवायचं होतं. भाऊ म्हणे, "भात शिजून राह्यला, अन् हे दहादा झाकण काढून पाहून राह्यले. मंग कच्चा राहिला म्हणून चुलीले शिव्या!" मला काही हे पटत नसे. राज्य चालवणं म्हणजे काय भात रांधणं आहे?

मग ते वर्ष आलं. पोळ्याच्या सुट्टीत मी गावी होते. धानाची रोपं लावून रोवणा झाला आणि पाऊस जो गेला तो आलाच नाही. तलाव अर्धा. वरच्या बांध्या, म्हणजे धानाची खाचरं, गावाच्या; अगदी शेवटच्या टोल्यावरच्या, पलीकडच्या वस्तीतल्या गोंडांच्या. वरचे पाणी घेऊन मोकळे होत, खाली थेंब पोचत नसे. टोल्याचा धान पिवळा पडला, तेव्हा तिथले म्हणाले, पाणी नाही सोडलं तर तलावाची पाळच फोडू. पाळ, म्हणजे बांधच फुटला की तलाव रिकामा, दोघांच्याही पोटावर पाय.

मोहाच्या झाडाखाली सभा बसली. दोन्हीकडे काठ्या होत्या. गावचे दौलतभाऊ मिशीवर ताव देत म्हणाले, "हात मोजा ना जी सरपंच. ज्याचे हात जास्त, त्याचं पाणी. आता असंच राज्य हाये." हात अर्थातच गावाचे जास्त. टोल्याचा मुखिया, म्हातारा लालसू, म्हणाला, "आमच्याकडे हात मोजत नाई. सगळ्यायचं एक होयेपर्यंत बसते."

सगळे भाऊकडे पाहायला लागले. भाऊनं हात मोजले नाहीत आणि निकालही दिला नाही. नुसता बसून राहिला. मी मागून त्याचा सदरा ओढला. "बोल ना रे! डोकी फुटतील इथे!" "झाकण काढू नको यमू," एवढंच तो पुटपुटला. मोहाची सावली सरकत गेली. शिव्या झाल्या, शिव्याही संपल्या... शेवटी दौलतभाऊंची म्हातारी आईच बोलली. "माह्या बांधीत रोवणा टोल्याच्याच बायायनं केला. गाणे म्हणत म्हणत केला. यायचा धान वाळून राह्यला, त माह्या गळ्याखाली घास कसा उतरन रे दौलत?" दौलतभाऊंचा हात मिशीवरून खाली आला. मान न उचलता ते म्हणाले, "मंग शेवटच्या बांधीपासून सुरू करा. खालून वर." लालसू म्हणाला, "पाळीवर पहारा आमी देऊ." भाऊ उठला, धोतर झटकलं आणि म्हणाला, "चला, भूक लागली."

या माणसानं काहीच केलं नव्हतं, आणि तो नसता तर आधी हात मोजले गेले असते आणि मग मुडदे. तेव्हापासून आमच्या गावात पाणी शेवटच्या बांधीपासून सुटतं.

तेरवीला मी ठरवूनच गेले होते. तलावाच्या तोंडाशी भाऊच्या नावाचा दगड बसवायचा; चांद्याच्या पाथरवटाशी बोलणंही झालं होतं. जेवणं झाल्यावर विषय काढला. दौलतभाऊ आणि लालसू शेजारी शेजारी बसले होते. दोघांनी एकमेकांकडे पाहिलं.

"दगड काऊन जी बाई?" दौलतभाऊ खरंच गोंधळले. "भाऊ त देवमाणूस. पण पान्याचं त आमीच ठरवलं. भाऊ त्या दिवशी काईच बोलले नाई. तुमी होत्या ना तिथी."

"होय जी," लालसू म्हणाला. "आमीच केलं."

माझ्या डोक्यात सणक गेली. उपकार विसरलात, असं तोंडावर सांगायला मी तोंड उघडलंही... आणि त्या दोघांचे चेहरे पाहिले. घर स्वतः बांधलेल्या माणसासारखे ते ताठ बसले होते. भाऊला हेच तर हवं होतं!

"खरं आहे," मी म्हटलं. "तुम्हीच केलं."

पाथरवटाला मी दगड नको म्हणून कळवलं आहे.