लालासाहेबांचा मोकळवार

चूक आकारामची होती, आणि ती एस.टी.त चढता चढता झाली.

त्याच्या चुलत बहिणीला, अंजनाला, माणातलं स्थळ आलं होतं. "मुलगी बघायला रविवारी या" एवढाच निरोप घेऊन त्याला दहिवडीकडं धाडलं होतं. आकारामनं तिथं भाकरी खाल्ली, ताक प्यायलं, मुलाच्या वडलांशी, केरबांशी, न पडलेल्या पावसावर मोठ्या माणसासारखं बोलूनही झालं. स्टँडवर पोचवायला आलेल्या केरबांनी विचारलं, "मग कवा येऊ म्हनता?" एक पाय पायरीवर ठेवून हा शहाणा म्हणाला, "या की मोकळवारी!"

"ह्यो कंचा वार?"

"शनवार-आयतवारच्या मधला!"

गाडी सुटली. मायणीपर्यंत आकारामला स्वतःची गंमत गोड वाटत होती. विट्यात घाम फुटला.

हा वार त्याच्या चुलत्यानं, लालासाहेबांनी, काढलेला. लालासाहेब एकाहत्तरच्या लढाईनंतर हवालदारकीचं पेन्शन घेऊन कृष्णाकाठच्या आपल्या उसात परतले. पलटणीत मटणाचे वार ठरलेले असत. घरी त्यांच्या बायकोनं, बनुबाईंनी, सगळे वार देवांना वाटून टाकलेले: सोमवार महादेवाचा, मंगळवार अंबाबाईचा, गुरुवार दत्ताचा, शुक्रवार लक्ष्मीचा, शनिवार मारुतीचा. उरले बुधवार आणि रविवार; तेही नेमके एकादशी, चतुर्थी गाठून यायचे. चीनच्या सरहद्दीवर न डगमगलेला हवालदार ह्या आघाडीवर पार हटला.

मग त्यांनी यात्रेसाठी नाटक लिहिलं. निवांतनगरी नावाचं राज्य, आणि त्या राज्याचं वेगळं पंचांग. तिथं श्रावण आठवड्यात उरकायचा. पौष काढून त्या जागी 'रजा' नावाचा महिना. अमावास्येला राजाच्या परवानगीशिवाय यायची बंदी. आणि आठवडा आठ दिवसांचा. शनिवार आणि रविवारच्या मध्ये मोकळवार. हा वार कुठल्याच देवाचा नाही. त्या दिवशी काहीही खावं, कुणावर रागावू नये, आणि सासुरवाडीनं पाहुणे पाठवू नयेत.

गावानं नाटक डोक्यावर घेतलं, पण पंचांग वापरलं आपल्या सोयीनं. न्हावी म्हणायचा, "मोकळवारी येतो दाढीला." पोरं म्हणायची, "अभ्यास मोकळवारी." म्हणजे कधीच नाही. बनुबाई तेवढ्या ह्या वाराचं नाव निघालं की चुलीतलं लाकूड उचलायच्या.

ह्या कौतुकाचा तोटा अंजनाला झाला. आधीची दोन स्थळं दारातून परत गेली. "नाटक्याची पोर. बापाचा शबूद कुटला खरा नि कुटला यात्रेतला, कसं वळखायचं?" तेव्हापासून लालासाहेबांनी नाटक बंद केलं होतं, आणि माणातल्या पाहुण्यांना त्यातलं काही कळू नये अशी सगळ्यांना ताकीद होती.

"सांगितलास न्हवं निरोप?" आकाराम घरी पोचताच त्यांनी विचारलं.

"सांगितला की, तात्या," आकाराम म्हणाला. तेवढं खरंच होतं. केरबा कुणा शहाण्याला विचारतील आणि सरळ रविवारी येतील, अशी त्यानं मनाची समजूत घातली.

माणदेशी माणूस असं विचारत बसत नाही. शनिवारी दिवेलागणीला केरबा, बायको भामाबाई आणि पोरगा अर्जुना दारात हजर.

"शनवार सरत आलाय, आयतवार लागला न्हाई," केरबा म्हणाले. "बराबर आलोय न्हवं मोकळवारी?"

लालासाहेब मारुतीला तेल घालून नुकतेच आले होते. त्यांनी आकारामकडं बघितलं. आकारामनं म्हशीकडं बघितलं.

एवढ्यात आतून बनुबाईंचा आवाज आला, "व्हय तर! आमच्यात पाळत्यात ह्यो वार. बसा, कालवणाचं बघते."

मग धावपळ झाली. घरच्या कोंबड्या अंड्यावरच्या, म्हणून शेजारच्या रंगूबाईंचा तांबडा कोंबडा उसना आणला. परसात तीन दगडांची चूल मांडली, कारण घरातली चूल अजून शनिवारीच होती.

रस्सा असा झाला की अर्जुनानं अंजनाकडं दोनदा आणि पातेल्याकडं चारदा बघितलं. सगळं जुळत आलं होतं. तेवढ्यात केरबांचं लक्ष लालासाहेबांच्या ताटाकडं गेलं. त्यात दूध-भाकरी.

"तुमी का वं?"

लालासाहेब दुधात भाकरी कुस्करत राहिले. खरी गोष्ट अशी होती, की अंजनाचं जमेपर्यंत शनिवारी मटण-कोंबडीला शिवणार नाही, असा त्यांनी मारुतीला गुपचूप नवस बोलला होता. वार हिशेबानं निवडलेला. त्या घरात शनिवारी मटण शिजतच नव्हतं. नवस फुकटात पडत होता. आजपर्यंत.

"खावा की. तुमचाच वार हाय," भामाबाई म्हणाल्या.

रश्श्याचा वास नाकाशी. दोन घास खाल्ले असते तर मोकळवारही खरा ठरला असता आणि स्थळही. लालासाहेबांनी ताट जरा मागं ओढलं.

"आज शनवार हाय, पाव्हनं. पोरीसाटनं मारुतीला बोललोय. त्यो मोकळवार यात्रेच्या नाटकातला. मीच लिवलाय."

अंजनाच्या हातातला तांब्या तिथंच थांबला. आकारामला गोठा जवळ करावासा वाटला.

"मंजी तुमी नाटक लिवता?" केरबा म्हणाले.

"लिवत हुतो."

केरबांनी हाडूक चोखून ताटाच्या कडेला ठेवलं. "आमाला वाटंत कुनीतरी सांगितलं हुतं, नाटक्या मानूस हाय, जपून. पर नाटक्या मानूस म्होरला रस्सा सोडत नसतोय." मग बनुबाईंकडं वळून, "मग वैनी, ह्यो मोकळवार कुनाचा म्हनायचा?"

"ह्यास्नी सोडून सगळ्यांचा," बनुबाई म्हणाल्या.

केरबा असे हसले की पटका कानावर आला. पान-सुपारी तिथंच झाली, आणि त्यांनी एकच अट घातली: माणात यात्रेला नाटक आणायचं, मोकळवारासकट.

लग्न झालं. अंजना सासरी रमली; तिकडंही आता तो वार पाळतात म्हणे, सोयीनं. नवस फिटला. बनुबाईंनी मात्र मोकळवाराला पुन्हा उंबरा ओलांडू दिला नाही.

राहिला रंगूबाईंचा कोंबडा. शनिवार आला की त्या कोंबडा झाकायचं रिकामं डालगं घेऊन कुंपणाशी उभ्या राहतात.

"लालासाब, माजा कोंबडा कवा द्यायचा रं?"

"देतो की, वैनी," लालासाहेब मिशी पुसत म्हणतात. "मोकळवारी."