रडणारं घरात नको

"थांबा जी. बोलू द्या त्याले."

जळत्या प्लास्टिककडे कान करून, माझ्याकडे भंगार निवडायला येणारी मावशी असं म्हणायची. डोळे नव्हे, कान. हातात सांडशी, सांडशीत बोटभर तुकडा, खाली मेणबत्ती आणि शेजारी पाणी भरलेली ॲल्युमिनियमची ताटली.

मुर्रीच्या रस्त्यावर माझं शेड आहे. भंगार प्लास्टिक घेतो, दळतो, वितळवून त्याचा दाणा करतो, दाण्याच्या वस्तू काढतो. सायकलवर डबे-बाटल्या गोळा करण्यापासून सुरुवात केली, त्यामुळे मला फसवणं सोपं नाही. पण या धंद्यात नुसते डोळे पुरत नाहीत. दोन पांढरे तुकडे शेजारी ठेवून बघा, जुळे भाऊ वाटतील. कोण कसा आहे ते पेटवल्यावरच कळतं.

मावशी तुकडा पेटवायची, मेणबत्ती बाजूला करायची आणि थांबायची. पाइपाचा तुकडा आपोआप विझला की म्हणायची, "याले लाज हाय." ज्योत काढल्यावरही जळत राहिला तर, "याले लाज नाई." आणि पेटते थेंब गळायला लागले की तिचा आवाज एकदम खाली यायचा. "हे रडते जी. रडणारं घरात नको."

ते थेंब पडताना बारीक आवाज होतो. झुर्र. भुंगा डब्यात कोंडल्यासारखा. आम्ही तो ऐकायचो आणि विसरायचो. मावशी मात्र मान हलवायची, कुणीतरी कानात काही सांगितल्यासारखी.

इतकी वर्षं धूर घेऊन तिचं नाक गेलं होतं. एकदा डब्यातली भाजी आंबलेली, आम्ही तोंडं फिरवलेली, आणि ही निवांत जेवतेय. मी म्हणालो, "मावशी, वास नाही येत?"

"वासाचं काय काम हाय शेठ? आयकू येते ना."

एका दुपारी माल निवडता निवडता ती उठली आणि सरळ मोटरच्या मागे गेली. "इथं कोनी रडून रायलं," म्हणाली. बाकीच्या बाया हसल्या. मी वाकून बघितलं तर मोटरच्या वायरचं कातडं मऊ होऊन लोंबायला लागलं होतं. त्या दिवसापासून कुणी हसलं नाही, आणि जेवायला तिच्या ताटलीजवळ कुणी बसलंही नाही.

भंगारवाले यायचे. "सेठ, एक नंबर माल है." मी फक्त मावशीकडे बघायचो. ती एक तुकडा पेटवायची, "मिलावट हाय" म्हणायची आणि भाव तिथेच कोसळायचा. तिच्या एका काडीवर मी कितीतरी सौदे मारले. शाबासकी कधी दिली नाही. दिली असती तर पगारवाढ मागितली असती.

वायरिंगच्या पट्टीला लागतो तो आपोआप विझणारा पाइपाचा माल महाग झाला, तेव्हा मी फुटक्या खुर्च्यांचा दाणा करून पट्टी काढली. भिंतीवरून वायर नेतात ती पांढरी पट्टी. दिसायला अगदी अस्सल. मुलींच्या एका वसतिगृहाचा ठेकेदार माल बघायला आला. भाव पक्का होत आला होता. त्यानं सहज विचारलं, "आग लगेगी तो?"

"लगेगी ही नहीं," मी म्हणालो.

मागून आवाज आला. "थांबा जी. बोलू द्या त्याले."

तिला कुणी बोलावलं नव्हतं. तिनं पट्टी पेटवली, मेणबत्ती काढली. पट्टी जळत राहिली. झुर्र. झुर्र. ठेकेदार ताटलीकडे बघत राहिला.

"पोरी झोपतेत ना तिथं?" मावशीनं त्याला विचारलं.

तो चहाला थांबला नाही. मी भडकलो. "माझं मीठ खाऊन माझ्याच गिऱ्हाइकासमोर? चालती हो इथून!"

"जातो ना शेठ. मी काई नाई बोललो. पट्टीनंच सांगतलं." तिनं ताटली पुसली, सांडशी-मेणबत्तीसकट पदरात गुंडाळली आणि गेली.

तिनं मला बाजूला घेऊन सांगायला हवं होतं, हे मी आजही म्हणतो. बाजूला घेऊन सांगितलं असतं तर मी ऐकलं असतं का, ते मात्र विचारू नका.

माल फेकणं माझ्या रक्तात नाही. नवं घर बांधत होतो, सगळी पट्टी तिथे लावली. रागानं, मुद्दाम, प्रत्येक खोलीत. बाहेर कुणाला सांगितलं नाही.

यंदा नात झाली. तिच्या पाळण्यावरून ती पट्टी जाते. बटणाजवळ ती पिवळी पडली. सून म्हणाली, "बाबूजी, खोलीत विझलेल्या मेणबत्तीचा वास येऊन रायला." मी तिच्यावर ओरडलो. मग दुसऱ्या दिवशी सकाळी उरलेल्या मालातला वीतभर तुकडा खिशात टाकून आमगावला गेलो. मावशी तिथे मुलीकडे राहते, असं कळलं होतं. तिच्या तोंडून "याले लाज हाय" एवढं वदवून घ्यायचं होतं.

मुलगी दारात आली. "जयभीम शेठ. आई तर उन्हाळ्यातच गेली."

ती आत गेली आणि ताटली, सांडशी, अर्धी मेणबत्ती घेऊन आली. "तुमच्यासाठी ठेवून गेली. म्हने, शेठ येईन. घरची पट्टी घेऊन येईन. आता त्याचं त्यालेच आयकू दे."

दुपारी घरच्या ओसरीवर बसलो. ताटलीत पाणी भरलं, तुकडा पेटवला, मेणबत्ती बाजूला केली आणि आयुष्यात पहिल्यांदा डोळे मिटून कान पुढे केला.

झुर्र.

तुकडा पाण्यात बुडवला. धूर विरला. ताटली शांत झाली.

झुर्र.

आवाज आतून येत होता. मी धावत जाऊन मेन स्विच पाडला आणि नातीच्या खोलीत शिरलो. बटणाजवळची पट्टी मेणासारखी वाकली होती, जमिनीवर दोन काळे ठिपके पडले होते, आणि तिसरा थेंब पट्टीला लोंबत होता. मी पाळणा ओढून घेतला.

नात जागी होती. रडत नव्हती. मान वळवून, भिंतीकडे कान करून पडली होती.