दोघेही गैरहजर

श्रीशंकराच्या चरणी मस्तक ठेवून, श्रावणातल्या या पहिल्या सोमवारी, गावच्या महादेवाचा अभिषेक आटोपून हे लिहावयास बसलो आहे. ही पूजा एकदा माझ्या हातून कायमची जाण्याची वेळ आली होती.

वडिलांच्या पश्चात श्रावणी सोमवारची पूजा कोणी करावी, यावरून माझे व धाकट्या चुलतभावाचे बिनसले. मी धुळ्याच्या पाठशाळेत शिकलेला; रुद्र मला मुखोद्गत. तो पुस्तकात पाहूनही अडखळे. विद्येच्या अभिमानाने मी अमळनेरच्या कोर्टात दावा लावला.

तारखेच्या दोन दिवस आधी आमची काकू निवर्तली. ती निपुत्रिक होती, आम्हा दोघांनाही तिनेच वाढवले होते. थोरला म्हणून अग्नी मी दिला. अस्थिसंचयाचा दिवस आणि कोर्टाची तारीख एकच आली. वकिलांनी आधीच बजावले होते, "शास्त्रीबुवा, पुकाऱ्याला तुम्ही नसलात, तर दावा गेला समजा." मला स्मशान सोडणे शक्य नव्हते. भावाला मात्र अडथळा नव्हता. तो कोर्टात नुसता उभा राहता, तरी जिंकता.

बोरी नदीच्या काठी मी अस्थी वेचू लागलो, तोच भाऊ दुधाची चरवी घेऊन आला.

"अरे, तारखेला गेला नाहीस?"

"दावा लावणारे तुम्ही इथे, नाना. तिथे जाऊन काय बाकांशी भांडू? सरका, इकडच्या मी वेचतो."

सुतकात देवळाची पायरी दोघांनाही वर्ज्य. ते दिवस पूजा गुरवाने केली. एकदा तो कुंपणाबाहेरून म्हणाला, "नाना, काळजी करू नका. देवनी पूजा बराबर चालू शे." धीर देण्यासाठीच तो बोलला, मी मात्र मनातून खजील झालो. आम्हा दोघांवाचून देवाचे काहीही अडले नव्हते.

सुतक फिटल्यावर वकिलांकडे गेलो. दोन्ही पक्षकार गैरहजर, म्हणून दावा काढून टाकला होता.

"तुमचे भाऊ हजर असते, तर याच कारणावरून पुन्हा दावा लावता आला नसता," वकील म्हणाले. "ते आले नाहीत, म्हणून वाट मोकळी आहे. लावू या?"

"त्याला हे ठाऊक होते?"

"मागच्या तारखेला त्यांच्या वकिलांनी त्यांना माझ्यादेखतच सांगितले."

दावा पुन्हा लावला नाही. परतताना थेट त्याच्या दारी गेलो आणि म्हणालो, "सोमवारी पूजेला तू बस."

"मंत्र तुम्हीच म्हणा," तो म्हणाला. "माझे उच्चार ऐकून नंदी उठून जायचा. मी पाणी घालतो."

तेव्हापासून तसेच चालले आहे. आज वयोमानाने त्याच्या कलशाची धार संथ पडत होती, म्हणून मी रुद्र सावकाश म्हटला. तो त्या दिवशी कोर्टात गेला नाही, म्हणून हे सुख माझ्या वाट्यास आले. त्याचे ऋण मी मस्तकी धरतो.

वाचकहो, तुमच्या घरी अन्न, आरोग्य व सद्बुद्धी नांदो. आणि कधी आपसांत वितुष्ट आलेच, तर जिंकण्याच्या दिवशी कोर्टाची वाट सोडून तुमच्याकडे येणारा भाऊ श्रीशंकर तुम्हांस देवो.