नाव मिळेपर्यंत पॉपेट

आमच्या दलदलीतल्या क्रेनमिअर गावात केझाया सेचेलच्या हातून न जन्मलेलं माणूस शोधायचं तर एक तर म्हाताऱ्यांत शोधावं लागे, नाही तर परगावाहून आलेल्या सुनांत. पस्तीस वर्षं ती सुईणपण करत होती. सर्टिफिकेट नाही, पिशवी नाही. पांढरा एप्रन आणि दोन रुंद हात एवढंच सामान. पोर बाहेर आलं की तिची पहिली हाक ठरलेली: "आलास का रे, पॉपेट?" मुलगी असली तरी पॉपेट, जुळी असली तर दोघंही पॉपेट. पुढे हीच पोरं दाढ्या राखून बांधावर फावडी मारायला लागली, तरी म्हातारी लांबून ओरडायची, "ए पॉपेट, गळ्याला काही गुंडाळ, खोकशील!" सहा फुटी गडी चारचौघांत कानापर्यंत लाल व्हायचा आणि बाकीचे आठवडाभर त्याला त्याच नावाने छळायचे.

पॉपेट म्हणजे बाहुली. चिंध्यांची, मेणाची, मुठीत मावेल एवढी. नव्या पाद्रीबाबांनी एकदा तिला समजावून सांगितलं होतं, की हा शब्द समुद्रापलीकडून फ्रेंच लोकांकडून आला आणि त्यांच्याकडे लॅटिनमधून. केझायाने सगळं नीट ऐकून घेतलं आणि म्हणाली, "असेल बाबा. आमच्याकडे तो चुलीमागून आला."

तिच्या आईच्या वेळी दलदलीत अशा बाया होत्या, की मेणाची बाहुली करायच्या, तिला टाचण्या टोचायच्या, आणि तिकडे माणूस अंथरुणाला खिळायचा. त्या बाहुलीलाही पॉपेटच म्हणत. मग कुणा शहाण्या बाईने उलटा विचार केला असेल. माणसाच्या जागी बाहुली ठेवून माणसाला मारता येतं, तर माणसाला बाहुली म्हणून वाचवता का येऊ नये? पाण्यावरून जे काही पोरं शोधत फिरतं, त्याने दाराशी कान लावला तर त्याला ऐकू यावं, की आत नुसती बाहुली आहे. म्हणजे ते पुढच्या दाराला जाईल. म्हणून पाद्रीबाबांच्या हातचं पाणी डोक्यावर पडेपर्यंत पोराचं खरं नाव उच्चारायचं नाही. ते आईबापाच्या पोटात राहायचं. तोवर पॉपेट.

शहरातल्या बायांना हा शब्द फार गोड वाटतो म्हणे. वाटू दे बापडा. केझायाला तो कधीच गोड वाटला नाही. भीतीनेच तो तिच्या तोंडी बसवला होता, आणि त्यातही एका पोराच्या भीतीने.

ती चोवीस वर्षांची होती आणि एकटीने केलेलं ते पहिलंच बाळंतपण. सुझन डार्बीचा पहिला मुलगा. तिसऱ्या दिवशी बोलावणं आलं, पोर उठत नाही. केझायाने पाहिलं, पोर सुस्त होतं. तिने विचारलं, "काढा दिलास?" सुझन म्हणाली, "दिला थोडासा." तेव्हा आमच्याकडे प्रत्येक परसात पांढऱ्या अफूची रोपं असत आणि प्रत्येक शेगडीवर बोंडांचा काढा. हिवतापाने हाडं दुखणारी म्हातारी माणसं तो पीत, आणि पोरांना चमचाभर दिला की बाया निर्धास्त शेतात जात. काढ्याने झोपलेली पोरं केझायाने शंभरदा पाहिली होती. "झोपू दे, उतरेल," असं म्हणून ती घरी गेली. पोर उठलंच नाही.

बाप्तिस्मा झाला नव्हता, म्हणून घंटा वाजली नाही. प्रार्थनाही झाली नाही. कबरी खणणाऱ्याने खोकं काखेत मारलं आणि चर्चच्या उत्तरेला, जिथे ऊन पोचत नाही आणि खाजकुइली माजते, तिथे पुरून टाकलं. जीव धोक्यात असेल तर सुईणही पाणी घालून बाप्तिस्मा करू शकते. हे केझायाला माहीत होतं. तिने ते केलं नव्हतं. सुझन फाटकाशी उभी होती. तिने एवढंच विचारलं, "रडू तरी कोणत्या नावाने? पॉपेट म्हणू?"

त्यानंतर सुझनची चार बाळंतपणं झाली. चारही वेळा तिने पलीकडच्या गावची सुईण बोलावली. केझाया समोर आली की सुझन "नमस्कार" म्हणायची आणि चालू लागायची. एखादीने शिव्या दिल्या असत्या तर ते सोसलं असतं. तो नमस्कार मात्र केझायाला सोसवत नव्हता, आणि तो पस्तीस वर्षं येत राहिला.

अठराशे शहाण्णव सालच्या फेब्रुवारीत नदी फुगली. सगळी काळी शेतं पाण्याखाली गेली. उंचवट्यावरचं चर्च आणि बांधाच्या कडेची घरं तेवढी कोरडी राहिली. पाद्रीबाबा पलीकडे अडकले, डॉक्टर तर त्याहूनही पलीकडे. गावातले सगळे पुरुष बांध फुटू नये म्हणून चिखलाची पोती टाकत होते. अशात एका दुपारी केझायाच्या दाराशी सपाट होडी लागली. होडी वल्हवत आली होती खुद्द सुझन डार्बी.

"चल," सुझन म्हणाली. "माझ्या रुबेनच्या बायकोचं पोर. परवा झालं, बाळंतपण मीच केलं, कोण होतं दुसरं? सकाळपासून उठत नाही."

केझायाने खुंटीवरचा एप्रन काढला, पण तिला गाठ मारता येईना. 'नाही येत' हे शब्द तिच्या अगदी ओठांवर आले होते. पण सुझन वल्हं हातात धरून नुसती बघत होती, आणि त्या नजरेसमोर 'नाही' म्हणण्याची छाती केझायाला नव्हती.

लेटी डार्बी एकोणीस वर्षांची. पहिलटकरीण, तोंड पांढरंफटक. पोर तिच्या कुशीत होतं. केझायाने त्याला उचललं. सुझनच्या पहिल्या पोराचा होता तोच रंग. ओठांभोवती निळसर, पापण्या मेणासारख्या, आणि श्वास इतका थांबून थांबून येणारा, की दोन श्वासांच्या मध्ये माणसाने वाट बघत राहावं. तळव्यावर टिचकी मारली तर पाय हलला नाही.

"काढा दिलात?" तिने विचारलं.

"नाही," सुझन म्हणाली. "माझ्या घरात पोराला काढा? पस्तीस वर्षांत एक थेंब दिला नाही मी. मला विचारतेस?"

"लेटी?"

लेटीने मान हलवली. नाही. पण ती मान भिंतीकडे वळून हलली.

शेगडीवर काढ्याचा जग होताच. सुझन स्वतःच्या हाडांसाठी घ्यायची. आता केझायाने काय समजायचं? काढा दिला असेल तर चोळून, हलवून पोर परत येईल कदाचित. दिला नसेल तर ते चाललंच होतं, आणि पाणी आत्ताच घालायला हवं होतं. पण घरात पाणी घालायचं म्हणजे पोर जाणार असं आईच्या तोंडावर सांगायचं. शिवाय नाव मोठ्याने घ्यायचं, उघड्या दलदलीत, बाहेर पाणी दाराला लागलेलं असताना. चुकलं तर पाण्यावरून फिरणाऱ्या त्या कशालातरी आपणच हाक मारून बोलावल्यासारखं. एकदा ती गप्प राहून चुकली होती. बोलूनही चुकता येतं, हे तिला त्या क्षणी पहिल्यांदा कळलं.

"वाडग्यात पाणी दे, सुझन," ती शेवटी म्हणाली. "लेटी, पोरी, नाव सांग."

लेटी उठून बसली. "नाही."

"नाव सांग, बाळा. वेळ नाही."

"घरातलं पाणी मरणाऱ्यांना घालतात! मला माहितीय. माझ्या बहिणीच्या पोराला घातलं आणि तासाभरात गेलं. नाही सांगणार मी! पॉपेट आहे तो. पॉपेट म्हणा त्याला!"

"पॉपेटला चर्च ओळखत नाही गं," केझाया म्हणाली. "नाव ठरवलंय ना तुम्ही दोघांनी?"

"रुबेन आल्यावर सांगेल तो."

"रुबेन बांधावर आहे, अंधार पडल्याशिवाय येत नाही!" सुझनने वाडगा टेबलावर आपटला. "सांग, मूर्ख पोरी!"

लेटीने दोन्ही हात तोंडावर दाबून धरले. तिची दातखिळीच बसली जणू. पोराने एक श्वास घेतला. केझायाने वाट पाहिली. पुढचा येईना. तिने त्याची छाती अंगठ्यांनी दाबली, चोळली, तेव्हा कुठे एक बारीक श्वास आला. ती मनातल्या मनात मोजत होती आणि मोजणी दर वेळी लांबत होती. बिननावाचं पाणी घालता येत नाही. हेही पोर उत्तरेला जाणार, काखेतून, खोक्यातून, आणि या वेळी फाटकाशी दोघी उभ्या असणार.

तेव्हा सुझन बोलली. अगदी हळू.

"मग माझं घे."

"काय?"

"माझ्याकडे एक नाव आहे. न वापरलेलं. पस्तीस वर्षं तसंच पडलंय." तिने केझायाकडे पाहिलं. "ॲम्ब्रोज. ॲम्ब्रोज ठेवणार होतो आम्ही त्याचं. घाल पाणी."

इतक्या वर्षांत केझायाने ते नाव विचारलं नव्हतं. कुणीच विचारलं नव्हतं. पण मेलेल्या पोराचं नाव या पोराला? ते नाव जिथे पडून होतं तिथेच ते याला ओढून नेणार नाही कशावरून? तरी तिने बोटं पाण्यात बुडवली. काही नाव नसण्यापेक्षा ते बरं. निदान घंटा वाजेल.

"ॲम्ब्रोज," तिने सुरुवात केली, "मी तुझा..."

"नको!" लेटी किंचाळली आणि पलंगावरून खाली कोसळलीच. "ते नाव नको त्याला! जोसाया! त्याचं नाव जोसाया आहे! आणि काढा मी दिला, आई, मीच दिला! दूध येत नव्हतं, तो रडत होता, तुम्ही म्हणाला असतात की सुनेला पोर सांभाळता येत नाही. तुमच्याच काढ्याच्या जगातला. दोन चमचे. केझायाआजी, मी मारलं का हो त्याला?"

सुझन जागच्या जागी उभी राहिली. केझायाला वाटलं, आता ही सुनेचे केस धरणार. पण सुझन खाली बसली आणि लेटीचं डोकं तिने मांडीवर घेतलं. "माझ्या पहिल्याला तीन दिले होते मी," ती म्हणाली. "तीन चमचे. केझायाला थोडासा म्हणून सांगितलं."

ते वाक्य केझायाने ऐकलं, पण त्याचं काय करायचं ते बघायला तिला उसंत नव्हती. "जोसाया, पित्याच्या, पुत्राच्या आणि पवित्र आत्म्याच्या नावाने मी तुझा बाप्तिस्मा करते," असं म्हणत तिने ओंजळभर गार पाणी त्याच्या टाळूवर ओतलं. मग त्याला मोहरीच्या पाण्यात बुडवलं, उलटं धरलं, तळवे चोळले, पाठीवर चापट्या मारल्या, आणि सगळा वेळ नावाने हाका मारत राहिली. जोसाया, ऊठ. जोसाया, झोपायचं नाही. काढ्याने आलेल्या झोपेवर तिचा पुन्हा विश्वास बसणार नव्हता. तिघींनी आळीपाळीने त्याला घेऊन घरभर येरझारा घातल्या. बाहेर पाणी उंबऱ्याशी डुचमळत होतं आणि प्रत्येक वेळी ते आपटलं की लेटी दाराकडे बघायची. दोनदा तो पुरता थांबला. दुसऱ्या वेळी केझायाने तोंडाने त्याच्या तोंडात फुंकर घातली आणि आपला स्वतःचा श्वास संपला तरी थांबली नाही.

दिवे लागायच्या सुमारास जोसाया डार्बीने तोंड वेडंवाकडं केलं आणि मांजराच्या पिल्लासारखा एक चिरका आवाज काढला. मग दुसरा. मग तो असा काही भोकाड पसरून रडायला लागला, की लेटीही रडली आणि केझाया भिंतीला टेकून खाली बसली.

सुझनने शेगडीवरचा जग उचलला आणि दारातून पुरात रिकामा केला. "हाडं दुखतील ती दुखू देत," म्हणाली.

पाणी ओसरल्यावर पाद्रीबाबा आले आणि जोसायाला रीतसर चर्चमध्ये घेण्यात आलं. सगळे दारात जमून वाम माशाची पाई आणि बिअर कधी मिळणार याची चर्चा करत होते. सुझन केझायाजवळ आली. नमस्कार केला नाही. तिचं मनगट धरलं आणि तिला चर्चला वळसा घालून उत्तरेला घेऊन गेली. पस्तीस वर्षांत केझायाने या बाजूला कधी पाऊल टाकलं नव्हतं. प्रार्थनेला येतानासुद्धा ती दक्षिणेच्या वाटेने यायची आणि मान खाली घालून आत शिरायची. आताही तिला पळून जावंसं वाटत होतं.

दगड नव्हता, खूण नव्हती. पण सुझन नेमक्या जागी थांबली.

"म्हण," ती म्हणाली.

त्या दिवशी पाणी हातात घेताना वाटली नव्हती एवढी भीती केझायाला त्या खाजकुइलीपुढे वाटली. कितीतरी रात्री ती अंथरुणात याच पोराची क्षमा मागायची आणि दर वेळी त्याला पॉपेटच म्हणायची, कारण दुसरं काही तिला माहीतच नव्हतं.

"ॲम्ब्रोज," ती कशीबशी म्हणाली.

सुझनने कानामागे हात धरला. "मोठ्यानं म्हण. मला आताशा कमी ऐकू येतं."

केझायाने छाती भरून श्वास घेतला आणि बांधावरच्या गड्यांना हाक मारायची त्या आवाजात ते नाव घेतलं. दारातली माणसं बोलायची थांबली आणि कुणाला हाक मारली म्हणून वळून बघू लागली.