घरी ठेवून जायची वस्तू

कोर्टाच्या दारातल्या टेबलावर लोकांकडून काढून घेतलेल्या वस्तू पडल्या होत्या. नेलकटर, कात्री आणि एका आजोबांचा अडकित्ता. आजोबा त्याच्याकडे वळूनवळून बघत होते. मला त्यांचा हेवाच वाटला.

दोन शेजाऱ्यांच्या भांडणात मी साक्षीदार होतो. पिशवीत समन्स, आधारकार्ड, चष्मा, डबा, सगळं होतं. निघताना बायको म्हणाली, "तुमचं ते 'म्हणजे कसं आहे' तेवढं घरी ठेवून जा. विचारतील तेवढंच बोला."

अडकित्ता टेबलावर ठेवता येतो हो; सवय कुठे ठेवणार?

पुकारा झाला. शपथ झाली. न्यायाधीशांनी नाव विचारलं.

"म्हणजे कसं आहे साहेब," मी म्हणालो, "पाळण्यातलं सांगू की आधारकार्डावरचं?"