उदगीरला झोपायला गेले होते

नांदेडहून उदगीरला लोक किल्ला बघायला जातात, धान्याच्या बाजारात जातात, सोयरिकी जुळवायला जातात. मी झोपायला गेले.

झोपायला म्हणजे निजवाट शिकायला. आमच्या शाळेतल्या बिराजदार मॅडमचं माहेर तिकडचं. डबा खाताना त्यांनीच सांगितलं की उदगीरला एक गंगाक्का आहेत. त्यांच्या देखरेखीखाली दुपारी निजलं की देह चटईवर राहतो आणि आपण पल्याड फिरून येतो. "लई हलकं वाटतं बघा," मॅडम म्हणाल्या. सुट्टी दिसली की पिशवी भरणाऱ्या बाईला हे ऐकून चैन पडेल का?

अट एकच. सोबत हाकेकरी हवा, म्हणजे निजलेल्याला हाक मारून परत आणणारा, आणि तो घरचाच. आमचे हे लगेच तयार झाले. "हाकच मारायची हाय ना? एकोणीस वर्षं तेच तर करून राहिलो."

शनिवारी सकाळची एसटी धरली. बायकांना अर्धं तिकीट, म्हणजे ह्यांच्या एकट्याच्या पैशांत माझ्यासारख्या दोघी गेल्या असत्या, हे मी लोह्यापर्यंत ऐकवलं. लोह्याला सुशीला खाल्ली. मुरमुऱ्यांचा असा गरम, झणझणीत नाश्ता पुण्याकडच्यांना सांगून कळायचा नाही. अहमदपूरपर्यंत निवांत डुलकी काढता येते. शिरूर ताजबंदनंतर मात्र मागच्या सीटवर बसू नका, हाडं मोजून घ्यावी लागतील.

गंगाक्कांची खोली आडत दुकानाच्या मागे आहे. तुरीचा वास, चार चटया, एक पंखा. अक्का साठीच्या, गळ्यात लिंग, मांडीवर सूप. पैसे घेत नाहीत, मूठभर ज्वारी न्यायची.

"बर्री, या, बसा. नाव काय तुमचं?"

"अर्चना."

"हेच?"

"हाव, अर्चनाच," हे म्हणाले.

अक्कांनी ह्यांना समजावलं. "घटकाभरानं तीन हाका मारायच्या. तिसरीला माणूस उठतंय. अंगाला हात लावू नगा."

"आणि नाही उठलं तर?" मी विचारलं.

अक्का सुपातले खडे निवडत राहिल्या. "उठतंय," असं त्या मान वर न करता म्हणाल्या. तेव्हाच उठून निघायला हवं होतं. पण एवढ्या लांब येऊन माघारी जायची लाज वाटली, आणि मी डाव्या कुशीवर आडवी झाले.

रीत सोपी आहे. डोळे मिटून मनातल्या मनात आपल्या घराचा उंबरा ओलांडायचा आणि मागे न बघता चालत राहायचं. मी आमची गल्ली ओलांडली, दूध डेअरी ओलांडली, आणि एकदम पायाला तापलेली माती लागली.

समोर कापलेल्या तुरीचं रान होतं. नुसते खुंट, नजर जाईल तिथवर. सावली कशाचीच नव्हती, माझीही नव्हती. बांधावर ओळीने बायका बसल्या होत्या. मीही जाऊन बसले. काहीच आठवत नव्हतं, ना शाळा, ना पोरगी, आणि त्याचं काही वाटतही नव्हतं. आज लिहिताना मला सगळ्यात जास्त भीती त्याचीच वाटते.

मग लांबून हाक आली, "अर्चना!"

मला वाटलं, बोलावत असेल कुणाचा तरी नवरा. दुसरी हाक आली. मी शेजारणींना म्हटलं, "अगं, अर्चना कोण आहे? जा की, बिचारा केव्हाचा ओरडतोय."

तिसऱ्या हाकेला बांधाच्या टोकाची एक बाई उठली. तिने पदर झटकला. "आले हं," म्हणाली, माझ्या आवाजात. आणि मातीत उमटलेल्या माझ्याच पावलांवर पाय ठेवत, मी आले होते त्या दिशेला चालू लागली.

मी थिजले. आपलं काहीतरी ती घेऊन चालली आहे एवढं कळत होतं, काय ते आठवत नव्हतं.

"मथे! ए मथेऽ! जेवाय ये गं!"

डोक्याच्या आधी पाय उठले. खुंट टोचत होते, मी धावत होते. तिला ओलांडताना खांद्याला खांदा लागला. तोंड मी बघितलं नाही. डोळे उघडले तर कानाला मोबाइल, आणि त्यातून भोकरचा माझा भाऊ ओरडत होता.

मधलं सगळं ह्यांनी नंतर सांगितलं. तिसऱ्या हाकेला माझे ओठ हलले, "आले हं" असं स्वच्छ ऐकू आलं. हे हुश्श करून मला उठवायला वाकले, तर अक्कांनी मनगट धरलं. "थांबा. ही तुमची न्हाई. हिचं म्हायारचं नाव काय?"

ह्यांना आठवेना! लग्नात ताटातल्या तांदळात अंगठीने 'अर्चना' ह्यांनीच लिहिलं होतं. त्याआधी मी मथुरा होते. शेवटी भोकरला फोन लावला. भाऊ म्हणाला, "दाजी, दुपारचीच घेतलाव का?" मग ह्यांचा रडवेला आवाज ऐकून त्याने आमची आई मारायची तशी हाक मारली.

अक्का माझ्यावरही चिडल्या. "कागदावरचं नाव सांगितलात व्हय? पल्याड कागद चालत न्हाई. आईची हाक तेवढी पोचती."

रात्री लातूरला मुक्काम केला. मुलगी तिथे क्लाससाठी राहते. सकाळी तिच्या क्लासच्या रस्त्यावर उभे होतो. मागून "आई!" अशी हाक आली आणि डबे घेऊन आलेल्या दहाबारा बायका एकदम वळल्या. लेकीने हात धरला तेव्हा कुठे जीव खाली पडला. नांदेडपर्यंत हे माझा हात सोडायला तयार नव्हते, गाडीत लोक बघत होते तरी.

उदगीरला जरूर जा. किल्ला बघा, भाकरीबरोबर शेंगाची चटणी खा, आणि संध्याकाळच्या गाडीने जागेच परत या.

घरी हे मला आता मथुरा म्हणतात, अजून अडखळतात. पण शाळेत, बँकेत, शेजारीपाजारी मी अर्चनाच आहे, आणि ते काही बदलता येत नाही. कुणी "अर्चना" म्हटलं की हातातलं टाकून मी पहिल्याच हाकेला ओ देते. मला उशीर झाला तर बांधावरची ती देईल.